माल्मोत घर, कोपनहेगनला नोकरी: स्वीडिश शिकू की डॅनिश?

शर्वरी_सातारा

नमस्कार मंडळी. ऑगस्टमध्ये आम्ही तिघं स्वीडनला जातोय. नवऱ्याला लुंडच्या विद्यापीठात तीन वर्षांचं काम मिळालंय, माझी नोकरी खाडीपलीकडे कोपनहेगनला, म्हणून घर मध्ये माल्मोला घेतलंय. मुलगा सात वर्षांचा आहे, तो माल्मोच्या शाळेत जाईल. म्हणजे दाराबाहेर पडलं की स्वीडिश आणि पूल ओलांडला की डॅनिश. ऑफिसचं काम इंग्रजीत चालतं, पण जेवणाच्या टेबलावर सगळे डॅनिशच बोलतात, असं तिथल्या एका सहकाऱ्याने आत्ताच सांगून ठेवलंय.

महिनाभर मोबाइलवर स्वीडिशचे धडे गिरवले. परवा सहज डॅनिश बातम्या लावल्या. खाली छापून येत होतं त्यातलं बरंच ओळखीचं वाटलं, पण कानाला एकही शब्द सुटा करता आला नाही. कुणी सांगतं या दोन आणि नॉर्वेजियन अशा तिन्ही मिळून एकच भाषा आहे, कुणी सांगतं तसं म्हणालीस तर तिथले लोक दुखावतील. या भाषा नात्याने एकमेकींच्या कोण लागतात? मराठी आणि गुजराती, मराठी आणि कोकणी, की पुणेरी आणि वऱ्हाडी? आणि एकीवर नीट मेहनत घेतली तर दुसरी किती पदरात पडते? तिकडे राहणाऱ्यांनी जरूर लिहा.

---

आरहूसवासी

सहा वर्षं डेन्मार्कमध्ये आहे, म्हणून फक्त डॅनिशपुरतं लिहितो. तुम्हाला ऐकताना शब्द सुटे करता आले नाहीत याचं कारण तुमचं स्वीडिश कच्चं आहे हे नाही. डॅनिश माणूस शब्दाचा शेवट गिळतो आणि स्वरानंतरचं व्यंजन इतकं मऊ करतो की ते ऐकूच येत नाही. लिहिलेला 'द' अनेकदा जीभ दातांमागे सैल सोडून उच्चारतात, आपल्या कानाला तो 'ल'सारखा लागतो. शिवाय घशात मध्येच एक झटका देतात. 'ती' आणि 'कुत्रा' या दोन शब्दांत बोलताना फरक आहे तो फक्त त्या झटक्याचा: 'हुन' म्हणजे ती, आणि 'हुन' म्हणून आवाज क्षणभर अडवला की कुत्रा. मला हे ऐकू यायलाच वर्ष लागलं.

आणि आकड्यांची तयारी ठेवा. पन्नासला 'हाल्त्रेस', सत्तरला 'हाल्फ्येर्स', नव्वदला 'हाल्फेम्स'. स्वीडिशमध्ये पन्नास म्हणजे 'फेम्ती', पाच-दहा, सरळ. माल्मोहून येणारे माझे स्वीडिश सहकारी बाकी सगळं डॅनिश समजून घेतात, पण किंमत ऐकली की कागदावर लिहून मागतात.

---

सोनचाफा_बर्गन

शर्वरी, मी सतरा वर्षं बर्गनला आहे, नॉर्वेच्या पश्चिम किनाऱ्यावर. माहेर चिपळूण, त्यामुळे इथल्या पावसाचं कधी काही वाटलं नाही. इथे एका रुग्णालयात परिचारिका आहे. आमच्या वॉर्डात बहुतेक नॉर्वेजियन, दोघी स्वीडिश, आणि सुट्ट्यांच्या दिवसांत डेन्मार्कहून येणारे बदली डॉक्टर. कॉफीच्या टेबलावर प्रत्येक जण आपापल्या भाषेत बोलतो आणि कुणी कुणासाठी भाषांतर करत नाही. हे दृश्य मला अजूनही पाहावंसं वाटतं. तेव्हा पुस्तकातलं थोडं आणि वॉर्डातलं जास्त, असं लिहिते.

नातं विचारलंस तर डॅनिश, स्वीडिश आणि नॉर्वेजियन या सख्ख्या बहिणी. आइसलँडिक आणि फॅरो बेटांवरची फॅरोईज यासुद्धा त्याच आईच्या, पण लांब समुद्रात दिल्यामुळे माहेरचं बोलणं त्यांनी जास्त जपलं. आई म्हणजे व्हायकिंगांच्या काळातली नॉर्स. त्या काळी तिला सगळीकडे 'डॅनिश जीभ' म्हणत, आइसलँडचे लोकसुद्धा आपल्या बोलण्याला तेच नाव देत. साधारण इ. स. १००० च्या सुमाराला आइसलँडचा माणूस डेन्मार्कच्या राजाकडे गेला तर दुभाषा लागत नसे. फिनलंडची फिनिश मात्र या घरातली नाही. ती एस्टोनियन आणि हंगेरियनच्या कुळातली, अगदी परकी. फिनलंडमध्ये स्वीडिश बोलणारे सुमारे पाच टक्के लोक आहेत आणि स्वीडिश तिथे राजभाषा आहे, म्हणून लोकांचा घोळ होतो.

तुझ्या तीन पर्यायांत मी पुणेरी-वऱ्हाडीच्या जवळ बोट ठेवेन. फरक इतकाच की इथे प्रत्येक बोलीच्या मागे एक राजा, एक बायबल आणि एक शिक्षण खातं उभं राहिलं. स्वीडिश बायबल १५४१ चं, डॅनिश १५५० चं. तिथून दोन लेखणी वेगळ्या झाल्या. जमिनीवर मात्र रेघ कुठेच नाही. स्वीडनच्या सीमेलगतचं नॉर्वेजियन गाव आणि पलीकडचं स्वीडिश गाव सारखंच बोलतात, आणि त्याच नॉर्वेजियन गावातला माणूस बर्गनला आला तर त्याला आमच्या बोलण्याची सवय करून घ्यावी लागते.

आता एक किल्ली देते, ती वहीत लिहून ठेव. स्वरानंतर स्वीडिशमध्ये जिथे त, क, प असतात तिथे डॅनिशमध्ये बहुधा द, ग, ब येतात. रस्ता: स्वीडिश 'गाता', नॉर्वेजियन 'गाते', डॅनिश लिहिताना 'गादे'. अन्न: स्वीडिश 'मात', डॅनिश 'माद', आणि तो 'द' आरहूसवासी म्हणतात तसा मऊ. सफरचंद: 'एप्ले', 'एप्ले', 'एब्ले'. पुस्तक: स्वीडिश-नॉर्वेजियन 'बूक', डॅनिशमध्ये शेवटी 'ग' लिहितात आणि बोलतात 'बोऊ'. डॅनिश लेखन जुन्या उच्चाराला धरून राहिलं, जीभ पुढे निघून गेली. म्हणून तुला छापलेलं कळतं आणि बोललेलं कळत नाही. ही किल्ली लावून रोज कोपनहेगनच्या वर्तमानपत्राचा एक परिच्छेद वाचलास तर दोन महिन्यांत वाचन सुटेल. ऐकणं वेगळं शिकावं लागतं.

व्याकरणात तुला फारसं नवं शिकावं लागणार नाही. क्रियापद तिन्हीकडे पुरुषाप्रमाणे बदलत नाही: मी, तू, आम्ही, ते, सगळ्यांना एकच रूप. 'ते' घर, ठरावीक घर, हे दाखवायला शब्दाच्या शेपटीला प्रत्यय लागतो: 'हूस' म्हणजे घर, 'हूसे' म्हणजे ते घर. विशेषण आलं की बहिणी वेगळ्या वागतात. 'ते मोठं घर' म्हणताना स्वीडिश आणि नॉर्वेजियन पुढेही दर्शक लावतात आणि मागची शेपटीही ठेवतात, डॅनिश शेपटी सोडून देते. एवढं लक्षात ठेवलंस की पुरे.

शब्दांचं म्हणशील तर रोजच्या वापरातले काही शब्द चक्क वेगळे आहेत, आणि तेही घरातलेच. मुलगा-मुलगी: डेन्मार्कमध्ये 'द्रेंग' आणि 'पीए', नॉर्वेत 'गुत' आणि 'येन्ते', स्वीडनमध्ये 'पॉयके' आणि 'फ्लिका'. यातला 'पॉयके' स्वीडिशने फिनिशकडून घेतलाय. खिडकी नॉर्वेत 'विंदू', डेन्मार्कमध्येही जवळपास तेच, मूळ अर्थ 'वाऱ्याचा डोळा'. तो शब्द मला फार आवडतो. स्वीडिशने तो टाकून जर्मनवाटे आलेला 'फोन्स्तेर' घेतला. मध्ययुगात हान्झाच्या, म्हणजे जर्मन शहरांच्या व्यापारी संघाच्या, व्यापाऱ्यांचा या सगळ्या बंदरांवर ताबा होता. आमच्या बर्गनच्या धक्क्यावर त्यांची वखार १७५४ पर्यंत चालली. पैसे चुकते करणे, सुरुवात करणे, अगदी 'भाषा' याला असलेला शब्दसुद्धा त्यांच्याकडून तिन्ही बहिणींनी उचलला.

जपायचं ते सारख्या दिसणाऱ्या शब्दांना. एक प्रसंग सांगते. बदली आलेल्या डॅनिश डॉक्टरांनी एका आजोबांची गोळी 'फ्रोकोस्तनंतर' द्यायला सांगितली. नॉर्वेत 'फ्रोकोस्त' म्हणजे सकाळची न्याहारी, डेन्मार्कमध्ये दुपारचं जेवण. नव्या मुलीने सकाळी साडेआठलाच गोळी हातात घेतली होती. मी योगायोगाने बाजूला होते म्हणून थांबवली, आणि डॉक्टरांना विचारून घेतलं. तेव्हापासून आमच्याकडे वेळ घड्याळातली लिहायची असं ठरलं. दुसरा: डॅनिश माणूस 'ग्रीने' म्हणाला की तो हसण्याबद्दल बोलतोय, नॉर्वेजियन 'ग्रीने' म्हणजे रडणं. 'खोली क्रमांक चारमधल्या आजी ग्रीनतायत' असं ऐकून मी धावत गेले होते, त्या नातवाशी फोनवर बोलत खळखळून हसत होत्या. तुला रोज लागेल असा तिसरा: 'रूली'. डॅनिश आणि नॉर्वेजियनमध्ये शांत, स्वीडिशमध्ये मजेदार. तुझ्या मुलाच्या बाई 'तो फार रूली आहे' म्हणाल्या तर माल्मोत त्याचा अर्थ काय, हे तुला आता ठाऊक आहे.

जेवणं व्हायचीत, उरलेलं रात्री लिहिते.

---

वाईचे_गुरुजी

हाल्त्रेसचा उल्लेख वाचून राहवलं नाही. मी डेन्मार्क पाहिलेला नाही, पण चौतीस वर्षं गणित शिकवलं आहे आणि संख्यांच्या नावांचा नाद आहे.

हा शब्द मराठी माणसाला अवघड जायला नको. त्याचं लांब जुनं रूप 'हाल्वत्रेसिन्स्त्यूवे'. 'हाल्वत्रेद्ये' म्हणजे 'अर्धा तिसरा', 'सिन्ने' म्हणजे पट आणि 'त्यूवे' म्हणजे वीस. 'अर्धा तिसरा' म्हणजे दोन पूर्ण आणि तिसरा अर्धा. आता आपला अडीच पाहा. तो संस्कृत 'अर्धतृतीय'पासून आला, शब्दशः 'अर्धा तिसरा'. म्हणजे डॅनिश माणूस पन्नासला म्हणतो 'अडीच विसा'. साठला 'त्रेस', तीन विसा. ऐंशीला 'फीर्स', चार विसा. माझी आजी आंबे विसांवर मोजायची, 'तीन विसा साठ' हे मी तिच्या तोंडून ऐकलेलं आहे.

सत्तरचा हाल्फ्येर्स म्हणजे 'अर्धा चौथा' गुणिले वीस. साडेतीनला आपल्याकडेही याच घडणीचा शब्द होता: औट, 'अर्धचतुर्थ'पासून. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकीनंतर आम्ही औटकी पाठ करत होतो. देहाला संत 'औट हात' म्हणतात, आणि 'औट घटकेचं राज्य' तर अजून वर्तमानपत्रात सापडतं. तेव्हा हाल्फ्येर्स म्हणजे औट विसा. नव्वदचा हाल्फेम्स म्हणजे 'अर्धा पाचवा', साडेचार विसा. दीडसुद्धा 'द्व्यर्ध', आणि डॅनिशमध्ये दीडला 'अर्धा दुसरा' अशाच अर्थाचा शब्द आजही रोजच्या बोलण्यात आहे, असं वाचलं आहे. आरहूसवासींनी खरं-खोटं सांगावं.

आणखी एक. बावन्नमध्ये आपण आधी दोन म्हणतो, मग पन्नास. डॅनिशही तसंच: 'दोन आणि अडीच विसा'. २०१९ मध्ये बालभारतीच्या दुसरीच्या गणितात 'वीस दोन' अशी वाचनाची रीत सुचवली तेव्हा केवढी चर्चा झाली होती. तिथे असं काही कधी झालं का?

---

आरहूसवासी

गुरुजी, खरं आहे. दीडला 'हालानन' म्हणतात, दीड तास, दीड लिटर, सगळीकडे. सहा वर्षं हे आकडे मी नुसते पाठ करत होतो. अडीच विसा हे सूत्र कुणी पहिल्या दिवशी सांगितलं असतं तर किती सोपं गेलं असतं. आज रात्री बायकोला समजावणार आहे.

---

सोनचाफा_बर्गन

गुरुजी, तुमचा प्रतिसाद मी छापून घेतेय, आमच्या डॅनिश डॉक्टरांना दाखवायला. अडीचच्या पोटात 'अर्धा तिसरा' आहे हे मला माहीत नव्हतं.

तुमच्या प्रश्नाचं उत्तर 'हो', आणि ते नॉर्वेतच घडलं. नॉर्वेतही पूर्वी बावन्नला 'दोन आणि पन्नास' म्हणत. टेलिफोन आले, नंबर सांगताना आकडे उलटसुलट व्हायला लागले, तेव्हा टेलिफोन खात्याने बदल सुचवला, संसदेने ठराव केला आणि १९५१ च्या जुलैपासून 'पन्नास-दोन' ही रीत सरकारी झाली. वीस आणि तीसचे जुने शब्दही बदलले. शाळा आणि रेडिओने नवी रीत धरली, पण घरांनी सगळ्यांनी नाही. आमच्या वॉर्डातल्या नव्वदीतल्या आजी जन्मसाल सांगताना अजून जुन्या रीतीने सांगतात, आणि मी मराठी असल्यामुळे मला ते तरुण नॉर्वेजियन मुलींपेक्षा लवकर उमगतं. स्वीडिश आधीपासूनच दशक आधी म्हणत आलीय. डॅनिश काही बदलली नाही.

आता शर्वरी, काल राहिलेलं. माझ्या दृष्टीने खरी गोष्ट ही आहे.

तिन्ही देशांत शेजाऱ्यांची भाषा सगळ्यांत चांगली कळते ती नॉर्वेजियन लोकांना. डेन आणि स्वीड एकमेकांपुढे अडखळतात, तरुण मुलं तर पटकन इंग्रजीवर उतरतात. असं का? एक कारण इतिहासात आहे. १३४९ मध्ये प्लेग आला, नॉर्वेतले लिहिते हात कितीतरी गेले, पुढे राज्य डेन्मार्कच्या राजाकडे गेलं. धर्मसुधारणेनंतर बायबल, प्रवचन, कायदा, सगळं डॅनिशमध्ये. १८१४ ला डेन्मार्कपासून सुटका झाली तेव्हा नॉर्वेजियन माणूस बोलत होता आपल्या गावचं आणि लिहीत होता डॅनिश.

मग आपली लेखी भाषा कोणती, यावर दोन वाटा फुटल्या. इवार आसेन नावाचा पश्चिमेकडच्या शेतकरी घरातला मुलगा, विद्यापीठाचं तोंड न पाहिलेला. तो १८४० च्या दशकात वर्षानुवर्षं गावोगाव हिंडला, लोक काय बोलतात ते टिपून घेतलं, १८४८ ला व्याकरण आणि १८५० ला शब्दकोश काढला, आणि बोलींमधून एक लेखी भाषा उभी केली. दुसरी वाट क्नूद क्नूद्सेन या शिक्षकाची: आहे तीच डॅनिश घ्यायची आणि शहरातल्या नॉर्वेजियन उच्चाराप्रमाणे हळूहळू वळवायची. १८८५ ला संसदेने दोन्हींना समान मान दिला, १९२९ ला त्यांची आजची नावं ठरली: आसेनची 'न्यूनोश्क' म्हणजे नवी नॉर्वेजियन, दुसरी 'बूकमोल' म्हणजे पुस्तकी भाषा. बहुसंख्य लोक बूकमोल लिहितात, पण माझा जिल्हा वेस्तलांद न्यूनोश्कचा. शाळेतली मुलं दोन्ही शिकतात, आणि तुम्ही सरकारी कचेरीला न्यूनोश्कमध्ये पत्र लिहिलंत तर उत्तर न्यूनोश्कमध्येच यायला हवं असा नियम आहे.

बोलायची मात्र प्रमाण भाषा ठरलेलीच नाही. मी बूकमोलची परीक्षा चांगल्या गुणांनी पास झाले आणि कामाच्या पहिल्या दिवशी सोंग्नफ्योर्दच्या एका आजोबांनी मला काहीतरी विचारलं, त्यातलं अक्षर कळलं नाही. पुस्तकात 'मी' म्हणजे 'याय', ते म्हणत 'एग'. पुस्तकात 'नाही' म्हणजे 'इक्के', ते म्हणत 'इक्ये'. पुस्तकात 'काय' म्हणजे 'व्हा', आमच्या बर्गनमध्ये म्हणतात 'का'. मी मुख्य परिचारिकेला म्हटलं, त्यांना जरा शुद्ध बोलायला सांगाल का? ती बाई रागावली नाही, पण मला बाजूला घेऊन म्हणाली, ते शुद्धच बोलतायत, त्यांच्या गावचं. आपण ऐकायला शिकायचं.

हे वाक्य माझ्या काळजात का उतरलं ते सांगते. मी शिकायला पुण्यात होते तेव्हा 'मी जात्ये', 'मी करत्ये' म्हटलं की वर्गात हशा व्हायचा, आणि एका शिक्षिकेने 'आधी भाषा सुधार, मग रुग्णाशी बोल' असं सगळ्यांसमोर ऐकवलं होतं. तीन महिन्यांत मी 'जाते', 'करते' म्हणायला लागले. आईला फोनवरसुद्धा. इथे मंत्री संसदेत आपल्या गावचं बोलतो, बातम्या देणारी तिच्या गावचं बोलते, माझा शल्यविशारद उत्तरेकडचा आहे आणि तो 'मी'ला नुसतं 'अ‍ॅ' म्हणतो. नॉर्वेजियन मूल पाळण्यापासून दहा तऱ्हेचं नॉर्वेजियन ऐकत मोठं होतं. त्याला स्वीडिश किंवा डॅनिश म्हणजे अकरावी आणि बारावी तऱ्हा. शाळेतही त्यांना शेजारच्या दोन्ही भाषांतले उतारे वाचायला असतात. म्हणून त्यांचे कान उघडे आहेत. मी आता आईशी पुन्हा 'जात्ये' म्हणते.

तो बर्गनचा 'का' पण बघ. आपला 'काय', संस्कृत 'किम्', आणि युरोपातले बहुतेक 'काय' एकाच जुन्या 'क्व'पासून. जर्मानिक भाषांनी, म्हणजे या बहिणी, जर्मन आणि इंग्रजी यांच्या कुळाने, त्या 'क'चा 'ह' केला. मग नॉर्वेच्या पश्चिमेला त्या 'ह'चा परत 'क' झाला आणि पुढचा 'व'ही गळला. हजारो वर्षं फिरून शब्द चिपळूणला ओळखू येईल अशा रूपात बर्गनला पोचला. 'का ए दे?' म्हणजे 'काय आहे ते?' पहिल्यांदा ऐकलं तेव्हा वाटलं कोणीतरी मराठीच बोललं.

---

पुस्तकवेडा

फार सुंदर धागा. ताई, आइसलँडिक म्हणजे या सगळ्यांची संस्कृत म्हणायची का? तिथले लोक आठशे वर्षांपूर्वीच्या सागा, म्हणजे जुन्या गद्य कथा, आजही सहज वाचतात असं ऐकलंय.

---

सोनचाफा_बर्गन

वाचतात, लेखन थोडं आधुनिक केलेलं असतं. पण संस्कृतशी तुलना मला पटत नाही. संस्कृत आपल्या घरात कुणी भांडायला वापरत नाही. आइसलँडिकमध्ये तीन-चार लाख माणसं भांडतात, मुलं झोपवतात, मासे विकतात. ती जिवंत बहीण आहे. तिथे वस्ती करणारे बरेचसे नॉर्वेच्या पश्चिम किनाऱ्यावरूनच गेले, नवव्या शतकाच्या शेवटी. बेटावर हान्झाचे व्यापारी इथल्यासारखे घुसले नाहीत, म्हणून विभक्ती टिकल्या. घोडा घ्या: नॉर्वेजियनमध्ये कर्ता असो, कर्म असो, 'हेस्त'च. आइसलँडिकमध्ये 'हेस्तुर', 'हेस्त', 'हेस्ती', 'हेस्त्स'. घोडा, घोड्याला, घोड्याचा म्हणणाऱ्या आपल्याला त्याचं नवल वाटत नाही, माझ्या स्वीडिश मैत्रिणींना वाटतं.

नवे शब्दही ते घरच्या घरी घडवतात. संगणकाला 'त्योल्वा': 'आकडा' आणि 'भविष्य सांगणारी स्त्री' हे दोन शब्द जोडून. टेलिफोनला 'सीमी', हा धाग्यासाठीचा विसरलेला जुना शब्द त्यांनी उठवून कामाला लावला. विजेला 'तृणमण्याची शक्ती', तृणमणी म्हणजे दगडासारखी झालेली पिवळी राळ. म्हणजे आपल्याकडे महापौर आणि दूरध्वनी घडवले तसंच, पण तिथे असे कितीतरी शब्द रोजच्या तोंडात रुळले.

इतकं जवळचं रक्त असूनही आमच्या वॉर्डात आइसलँडची मुलगी आली तर तिला तिच्या भाषेत बोलून चालत नाही, ते कुणालाच कळत नाही. ती शाळेत शिकलेली डॅनिश काढते, उच्चार नॉर्वेजियनकडे झुकवते, आणि निभावते.

---

शर्वरी_सातारा

ताई, गुरुजी, आरहूसवासी, मनापासून आभार. सगळं वहीत उतरवलं. आता शेवटचं. तुमचं वाचून वाटतंय की स्वीडिशच धरावी. पण ऑफिसच्या टेबलावर मी स्वीडिशमध्ये बोलले तर त्यांना चालेल का? आणि माल्मोत बोलतात ती स्वीडिश आणि माझ्या मोबाइलमधली स्वीडिश एकच असेल ना?

---

सोनचाफा_बर्गन

नाही, आणि त्यात तुझा फायदाच आहे. माल्मो-लुंडचा मुलूख, स्कोने, १६५८ पर्यंत डेन्मार्कचा होता. रोस्किल्डेच्या तहात तो स्वीडनला गेला. तुझ्या नवऱ्याचं लुंड विद्यापीठ त्यानंतर आठ वर्षांनी, १६६६ ला स्थापन झालं, आणि त्यामागे त्या मुलखाला स्वीडिश वळण लावायचा हेतूही होता. वळण लागलं, पण जीभ पूर्ण वळली नाही. माल्मोचा माणूस 'र' डॅनिशसारखा घशातून काढतो, स्वर लांबवून वाकवतो. मुलाला तिथे 'पोग' म्हणतात, मुलीला 'त्योस'. मोबाइलमधला आवाज स्टॉकहोमचा असतो. तेव्हा पहिल्या आठवड्यात शेजारीण कळली नाही तर घाबरू नकोस. तिचं बोलणं कानात बसलं की डॅनिशच्या अर्ध्या वाटेवर तू आपसूक पोचलेली असशील. माल्मोतली जुनी पिढी तर खाडीपलीकडचा डॅनिश टीव्ही बघत वाढली, अशी एखादी आजी शेजारी मिळाली तर सोडू नकोस.

तेव्हा बोलायला आणि लिहायला स्वीडिशच शिक, नगरपालिकेचे नवागतांसाठीचे वर्ग फुकट असतात, आल्या आल्या नाव घाल. डॅनिश फक्त वाचायची आणि ऐकायची. दोन्ही एकदम बोलायला शिकू नकोस. मी पाहिलंय, पहिल्या वर्षात दोन्ही बोलणाऱ्यांची खिचडी होते आणि दोन्हीकडचे लोक इंग्रजीवर जातात. कागदपत्रांत मात्र गृहीत धरू नकोस. या देशांच्या नागरिकांना शेजारच्या देशातल्या कचेरीत आपली भाषा वापरायची सोय करणारा एक करार आहे, १९८७ पासून, पण तो त्यांच्या नागरिकांसाठी. तुझ्या डॅनिश कर-कागदांसाठी आरहूसवासींना त्रास दे.

टेबलावर तू स्वीडिश बोल, त्यांना डॅनिश बोलू दे. ते इंग्रजी काढतील, चांगुलपणाने काढतील. तेव्हा नम्रपणे थांबवायचं आणि 'हळू बोला' एवढंच म्हणायचं. स्वीडिशमध्ये 'लोंगसाम्त', डॅनिशमध्ये 'लांगसोम्त'. पुढे 'तक' लाव, आभाराचा तो शब्द स्टॉकहोमपासून बर्गनपर्यंत एकच आहे.